गावात फोन आला, घरात कधी येणार?

खेड्यात टेलिफोन आणि इंटरनेट पोहोचवण्याच्या योजना गेल्या चाळीस वर्षांत अनेक आल्या. काही लोकांच्या रोजच्या वापरात रुळल्या, तर काही सरपंचांच्या ओसरीवर किंवा ग्रामपंचायतीच्या कपाटात बंद पडून राहिल्या. असे का झाले?

दिल्लीच्या दक्षिणेला लागून असलेले फरीदाबाद हे हरियाणातील कारखान्यांचे शहर. फाळणीनंतर वायव्य सरहद्द प्रांतातून आलेल्या निर्वासितांसाठी १९४९ मध्ये इथे नवी वसाहत वसवली गेली आणि पुढे कारखाने वाढत गेले. त्यांपैकी एस्कॉर्ट्सचे ट्रॅक्टर देशभरच्या शेतकऱ्यांना ठाऊक आहेत. परंतु याच कंपनीने एके काळी मोबाइल फोनचा धंदाही केला होता, हे आज फारच थोड्यांना आठवत असेल.

१९९० च्या दशकाच्या मध्यावर सरकारने मोबाइल सेवा खासगी कंपन्यांसाठी खुली केली. देशाचे निरनिराळे विभाग पाडून त्यांचे परवाने देण्यात आले. एस्कॉर्ट्सने हाँगकाँगच्या फर्स्ट पॅसिफिक कंपनीशी भागीदारी करून एस्कोटेल नावाची कंपनी काढली. तिच्या वाट्याला हरियाणा, पश्चिम उत्तर प्रदेश आणि केरळ हे तीन विभाग आले. १७ सप्टेंबर १९९६ रोजी केरळमधील पहिला मोबाइल कॉल प्रख्यात मल्याळी कादंबरीकार थकझी शिवशंकर पिल्लै यांनी केला, तो याच एस्कोटेलच्या सेवेवरून.

ट्रॅक्टर विकणारी कंपनी आता शेतकऱ्याच्या खिशात फोनही देणार, असे तेव्हा कुणाला वाटले असते तर नवल नव्हते. प्रत्यक्षात तसे घडले नाही. परवान्याच्या अटींत सेवा कुठवर न्यायची हे लिहिलेले होते. पहिल्या वर्षात विभागातील दहा टक्के आणि तीन वर्षांत पन्नास टक्के जिल्ह्यांची मुख्य ठिकाणे किंवा त्यांच्याऐवजी दुसरी शहरे जोडायची. खेड्यांचा त्यात उल्लेख नव्हता. साहजिकच सुरुवातीचे मनोरे उभे राहिले ते शहरांत आणि हमरस्त्यांच्या कडेने. बोलण्याचा दरही सामान्य माणसाला झेपणारा नव्हता. सुरुवातीच्या काळात मिनिटाला ८ रुपये ४० पैसे आणि गर्दीच्या वेळी त्याच्या दुप्पट दराची मर्यादा होती. शिवाय आलेल्या फोनचेही पैसे पडत. येणारे कॉल फुकट झाले ते २००३ मध्ये. पुढच्याच वर्षी, २००४ मध्ये, आयडिया कंपनीने एस्कोटेल विकत घेतली आणि ते नाव इतिहासजमा झाले.

एक जिल्हा, दोन विभाग

फरीदाबाद जिल्ह्याची आणखी एक गंमत होती. मोबाइलच्या नकाशात दिल्ली हा स्वतंत्र विभाग धरला गेला आणि त्यात दिल्लीबरोबर फरीदाबाद, गुडगाव, नोएडा आणि गाझियाबाद या टेलिफोन केंद्रांचे क्षेत्रही घातले गेले. त्यामुळे फरीदाबाद शहर राज्याने हरियाणात, पण मोबाइलने दिल्लीत, असा प्रकार झाला. पलवल, होडल हा भाग २००८ पर्यंत फरीदाबाद जिल्ह्यातच होता. तो मात्र मोबाइलच्या हिशेबात हरियाणा विभागात राहिला.

याचा अर्थ घरच्या माणसांच्या दृष्टीने काय होता? कारखान्यात नोकरी करणारा मुलगा शहरात आणि त्याचे आईवडील त्याच जिल्ह्यातल्या पलवलकडच्या गावात, तर दोघांचे विभाग वेगळे. मुलगा सणाला गावी गेला की त्याचा फोन परक्या विभागात गेला आणि रोमिंगचा आकार सुरू झाला. जिल्ह्याचे ठिकाण एक, न्यायालय एक, परंतु फोनची सरहद्द मधूनच गेलेली. रोमिंगचे वेगळे दर पुढे कमी होत गेले आणि २०१७ पर्यंत मोठ्या कंपन्यांनी ते जवळजवळ काढूनच टाकले, तेव्हा कुठे ही सरहद्द पुसली गेली.

कंपन्यांनी शहराला झुकते माप दिले यात आश्चर्य नाही. जिथे गिऱ्हाईक दाट आणि पैसा खुळखुळता, तिथे दुकान आधी लागते. प्रश्न असा आहे की, ज्या सेवा खास खेड्यांसाठीच म्हणून निघाल्या, त्यांचे तरी काय झाले?

धुळीत आणि उन्हात चालणारे एक्स्चेंज

१९८० च्या दशकाच्या सुरुवातीला सबंध देशात मिळून टेलिफोन होते तीस लाखांहून कमी. शहरातही फोनसाठी नाव नोंदवून वर्षानुवर्षे थांबावे लागे. खेड्यात कुणाला निकड पडली, तर तालुक्याच्या पोस्टात जाऊन ट्रंककॉल लावायचा आणि बाकावर बसून नंबर लागण्याची वाट पाहायची. मृत्यूची बातमीसुद्धा तारेने जायची.

परदेशी एक्स्चेंजे मोठ्या शहरांसाठी बनवलेली असत. त्यांना वातानुकूलित खोली लागे. खेड्यात विजेचाच भरवसा नाही, तिथे वातानुकूलन कुठले! हे ओळखून ऑगस्ट १९८४ मध्ये सी-डॉट ही संस्था स्थापन झाली. तिच्या कामाशी सॅम पित्रोदा यांचे नाव कायमचे जोडले गेले आहे. ३६ महिने आणि ३६ कोटी रुपये एवढ्यात देशी एक्स्चेंज बनवण्याचे काम तिने अंगावर घेतले. तिच्या तरुण अभियंत्यांनी १२८ जोडण्यांचे छोटे ग्रामीण एक्स्चेंज तयार केले. ते एका लहानशा खोलीत मावे. त्याला वातानुकूलनाची गरज नव्हती आणि धूळ व उन्हाळाही ते सोसत असे. असे पहिले एक्स्चेंज जुलै १९८६ मध्ये कर्नाटकातील कित्तूर इथे बसले. पुढे देशभरच्या लहान गावांत ती हजारोंनी बसत गेली.

यंत्राचा प्रश्न असा सुटला. आता गावकऱ्याने फोन करायचा कुठून? याची दोन उत्तरे त्या काळात पुढे आली आणि दोहोंचे नशीब अगदी वेगवेगळे निघाले.

बूथ चालला, सरपंचांचा फोन रुसला

पहिले उत्तर म्हणजे पिवळ्या पाटीचे एसटीडी-पीसीओ बूथ. टेलिफोन खात्याने फोनची जोडणी एखाद्या व्यक्तीला चालवायला द्यायची, त्याने मीटर लावून लोकांना बोलू द्यायचे आणि प्रत्येक कॉलमागे कमिशन घ्यायचे. बूथ देताना अपंग व्यक्ती, माजी सैनिक अशांना प्राधान्य असे. पाहता पाहता ही बूथे बाजारात, बसस्थानकासमोर, रुग्णालयाच्या दारात दिसू लागली. रात्री अकरानंतर बाहेरगावच्या कॉलला पाव दर असल्यामुळे तेव्हा रांगा लागत. कारखान्यांच्या वस्त्यांतून गावाकडे बोलणारे मजूर, मुलीच्या खुशालीसाठी आलेली आई, परीक्षेचा निकाल विचारणारा विद्यार्थी, सारेच त्या काचेच्या खोक्यात उभे राहून छपाईयंत्रातून निघणाऱ्या बिलाकडे डोळे लावून बोलत.

दुसरे उत्तर होते ग्राम सार्वजनिक टेलिफोन. प्रत्येक गावात निदान एक फोन असावा, असे सरकारचे धोरण होते. १९९४ च्या दूरसंचार धोरणात १९९७ पर्यंत सर्व गावे जोडण्याचे ठरले. ते जमले नाही. १९९९ च्या नव्या धोरणात उरलेल्या सुमारे २ लाख ९० हजार गावांसाठी २००२ ची मुदत घालण्यात आली. हजारो गावांत रेडिओ लहरींवर चालणारे फोन बसले. पण ही यंत्रणा वारंवार बिघडू लागली. अखेर असे पावणेदोन लाखांहून जास्त फोन नव्या पद्धतीच्या फोनने बदलावे लागले.

बिघाड केवळ यंत्रात नव्हता. गावचा सार्वजनिक फोन पुष्कळ ठिकाणी सरपंचांच्या किंवा एखाद्या वजनदार माणसाच्या घरी बसवला जाई. त्या घराची पायरी गावातल्या प्रत्येकाने चढावी, अशी परिस्थिती नव्हती. दलित वस्तीतला माणूस बाहेरच उभा राहणार. सुनेला माहेरी बोलायचे, तर ते साऱ्या ओसरीच्या देखत. फोन सांभाळणाऱ्याला त्यातून मिळकत जवळजवळ नव्हतीच. तो बंद पडला तर तालुक्याला खेप कुणी घालायची आणि का घालायची? बूथवाल्याचे तसे नव्हते. फोन मेला की त्याची त्या दिवसाची कमाई गेली. म्हणून तो लाईनमनच्या मागे लागे, प्रसंगी स्वतः खांबापर्यंत जाई.

दोन्ही ठिकाणी तार तीच, एक्स्चेंजही तेच. फरक एवढाच की, एका ठिकाणी फोन चालू राहण्यावर कुणाची तरी चूल अवलंबून होती.

वारणेच्या काठचा प्रयोग

टेलिफोनच्या पाठोपाठ इंटरनेट आले. १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने ही सेवा सर्वसामान्यांसाठी खुली केली, ती मोठ्या शहरांपुरती. तीनच वर्षांनी महाराष्ट्रातल्या उसाच्या पट्ट्यात एक धाडसी प्रयोग सुरू झाला. कोल्हापूर आणि सांगली जिल्ह्यांतील वारणा नदीच्या परिसरात तात्यासाहेब कोरे यांनी उभारलेला सहकारी साखर कारखाना, दूध संघ आणि शिक्षण संस्था यांचे मोठे जाळे आहे. इथली ७० गावे संगणकाने जोडायची, अशी ही योजना होती. १९९८ मध्ये केंद्र सरकार, राज्य सरकार आणि वारणा समूह यांनी मिळून ती हाती घेतली. गावोगाव पन्नासच्या वर संगणक केंद्रे उघडली गेली. शेतीचा सल्ला, बाजारभाव, जमिनीच्या नोंदी, नोकरीविषयक माहिती, सारे काही गावात मराठीतून मिळेल, असे स्वप्न होते.

यातले काय टिकले हे पाहण्यासारखे आहे. ऊस उत्पादकाला कारखान्याशी वर्षभर काम पडते. लागणीची नोंद करायची, खत उचलायचे, तोडणीची पाळी कधी येते ते पाहायचे, ऊस गेल्यावर काट्यावर वजन किती भरले ते जाणून घ्यायचे आणि मग बिलाची वाट पाहायची. पूर्वी यातल्या बऱ्याच कामांसाठी कारखान्यावर हेलपाटा पडे किंवा चिटबॉयची वाट पाहावी लागे. आता ही माहिती गावातल्या केंद्रावर मिळू लागली. शेतकरी केंद्रावर येत होता तो यासाठी. बाकी सल्ला आणि माहितीच्या सेवा मात्र फारशा रुजल्या नाहीत. संगणक जुने होत गेले, त्यांची दुरुस्ती महाग पडू लागली आणि केंद्राचे काम उसाच्या नोंदींपुरतेच उरले.

मग २००७ च्या सुमारास मायक्रोसॉफ्टच्या भारतातील संशोधन विभागाने सात गावांत एक साधा प्रयोग करून पाहिला. त्यांनी केंद्रातला संगणक बाजूला ठेवला आणि त्याच्या जागी मोबाइल फोन दिला. केंद्रचालकाने लघुसंदेश पाठवायचा, कारखान्यातून उत्तर संदेशानेच यायचे. काम तेच झाले आणि खर्च खूपच कमी आला. शेतकऱ्यांनाही ही पद्धत पसंत पडली, कारण स्वतःच्या फोनवरूनही माहिती मागवता येत होती.

मोठे यंत्र म्हणजे मोठी सेवा, असे नसते हे वारणेने दाखवले. माणसाला ज्या कामाची खरोखर गरज आहे तेवढे काम वेळेवर करणारी साधी सोयच त्याच्या घरापर्यंत पोहोचते. आणखी एक गोष्ट. केंद्रावर बसणारा मुलगा गावातला होता. कुणाचा ऊस कुठल्या शिवारात आहे हे त्याला ठाऊक होते. संगणकाला जे येत नव्हते ते त्याला येत होते.

बल्लभगढच्या नोंदवह्या

हीच गोष्ट फरीदाबाद जिल्ह्यातील बल्लभगढमध्ये निराळ्या रूपात दिसते. इथे दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेचा ग्रामीण आरोग्य प्रकल्प १९६५ पासून चालू आहे. दयालपूर आणि छांयसा या दोन प्राथमिक आरोग्य केंद्रांखाली २८ गावे येतात. या गावांतील कुटुंबांच्या आरोग्याच्या नोंदी संगणकावर ठेवायला १९८८ मध्ये सुरुवात झाली. तेव्हा देशात सामान्य माणसासाठी इंटरनेट नव्हते आणि त्यातल्या कित्येक घरांनी टेलिफोनही पाहिला नसेल.

हा संगणक गावकऱ्याने कधी हाताळला नाही. गावकऱ्याच्या दारात येत होती ती आरोग्यसेविका. जन्म, मृत्यू, लसीकरण, गरोदर बायका यांची माहिती ती घरोघर फिरून गोळा करी आणि संगणक तिचे लिखाणाचे ओझे हलके करी. या पद्धतीच्या पाहणीचा अहवाल २०१० मध्ये प्रसिद्ध झाला, त्यात नोंदी आणि अहवालांवर जाणारा वेळ वाचल्याचे दिसून आले. तो वेळ शेवटी घरोघरीच्या कामाला मिळणार, हे उघड आहे. तंत्रज्ञान पडद्यामागे आणि माणूस पुढे, अशी ही रचना होती. म्हणूनच संगणकाच्या पिढ्या बदलल्या तरी ती चालू राहिली.

पोस्टमनच्या पिशवीत फोन

माणसालाच सेवा बनवण्याचा आणखी एक प्रयत्न डिसेंबर २००२ मध्ये झाला. भारत संचार निगम आणि टपाल खाते यांनी मिळून ग्रामीण संचार सेवक योजना काढली. टपाल वाटणाऱ्या ग्रामीण डाकसेवकाच्या पिशवीत बिनतारी फोन द्यायचा. तो दारी आला की घरातल्या कुणीही पैसे देऊन बोलावे. कल्पना मोठी सुंदर होती. ज्या बाईला उंबरा ओलांडून बूथवर जाणे अवघड, तिच्या दारात फोन चालून येत होता आणि तो घेऊन येणारा माणूस वर्षानुवर्षांच्या ओळखीचा होता. पण थोड्याच वर्षांत मोबाइल इतका स्वस्त झाला की फिरत्या फोनची गरज संपली.

मोबाइलच्या स्वस्ताईने बूथही संपवले. आज गावोगाव मोबाइल दिसतो. मग प्रश्न सुटला म्हणायचा का?

घरात फोन आहे, पण कुणाचा?

२०१९ ते २०२१ या काळात झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत बायकांना एक साधा प्रश्न विचारला होता. तुम्ही स्वतः वापरता असा मोबाइल फोन तुमच्याकडे आहे का? देशातील ५४ टक्के स्त्रियांनी होय म्हटले. खेड्यांत हे प्रमाण होते सुमारे ४७ टक्के. म्हणजे खेड्यातल्या निम्म्याहून अधिक स्त्रियांकडे स्वतःचा म्हणावा असा फोन नव्हता. इंटरनेट कधीतरी वापरले आहे, असे सांगणाऱ्या ग्रामीण स्त्रिया तर चारांत एक एवढ्याच होत्या.

घरात फोन असतो, पण तो नवऱ्याच्या खिशात किंवा मुलाच्या हातात. सकाळी नवरा कामावर गेला की फोनही गेला. मग बँकेचा संदेश, गॅस सिलिंडरचा क्रमांक, रुग्णालयाची तारीख, बचतगटाच्या कर्जाचा हप्ता, सारे काही संध्याकाळपर्यंत थांबते. सरपंचांच्या ओसरीवरचा फोन आणि नवऱ्याच्या खिशातला फोन यांत बाईच्या दृष्टीने फारसा फरक नाही. दोन्ही वेळा तिला मागूनच घ्यावे लागते.

याला उत्तर म्हणजे कंपनीने मनोरा वाढवणे नव्हे. घरातच ठरवले पाहिजे की, बाईच्या नावावर सिमकार्ड असावे आणि ते तिच्या हातातल्या फोनमध्ये असावे. फोन भारी नसला तरी चालेल. बँक खाते तिचे आणि त्याला जोडलेला क्रमांक दुसऱ्याचा, हा प्रकार अडचणीच्या वेळी फार महागात पडतो.

पंचायतीपर्यंत आलेली काच

आता गावात येणारी नवी वस्तू म्हणजे ऑप्टिकल फायबर, केसासारख्या बारीक काचेच्या तंतूंची तार. देशातील अडीच लाख ग्रामपंचायती अशा तारेने जोडण्याची योजना केंद्र सरकारने ऑक्टोबर २०११ मध्ये मंजूर केली. तिचेच नाव पुढे भारतनेट झाले. खेड्यांतील दूरसंचारासाठी सर्व कंपन्यांकडून वसूल होणाऱ्या निधीतून तिला पैसा मिळतो. २००२ पासून चालत आलेल्या या निधीला आता डिजिटल भारत निधी म्हणतात. २०२४ च्या अखेरीस सुमारे २ लाख १४ हजार ग्रामपंचायती सेवेसाठी सज्ज असल्याचे सरकारने सांगितले होते.

‘सज्ज’ हा शब्द नीट ध्यानात घेतला पाहिजे. तार पंचायतीच्या इमारतीत आली आणि पेटी बसली, की पंचायत सज्ज झाली. पण पंचायतीपासून तुमच्या घरापर्यंतचे अंतर कोण भरून काढणार? पंचायतीला रात्री कुलूप असते. वीज गेली की पेटी बंद. रस्ता खणताना तार तुटली तर ती जोडायला यायचे कुणी? ग्राम सार्वजनिक टेलिफोनच्या वेळचेच हे प्रश्न पुन्हा उभे राहिले.

ऑगस्ट २०२३ मध्ये भारतनेटचा सुधारित कार्यक्रम मंजूर झाला. त्यासाठी १ लाख ३९ हजार कोटी रुपयांची तरतूद आहे. तारांची रचना कडीसारखी करायची, म्हणजे एका बाजूने तार तुटली तरी दुसऱ्या बाजूने सेवा चालू राहील, असे ठरले आहे. त्याहून महत्त्वाचा बदल म्हणजे घराघरात जोडणी देण्याचे आणि ती सांभाळण्याचे काम गावातल्याच उद्योजकाला द्यायचे आणि उत्पन्नातला वाटा त्याला द्यायचा. थोडक्यात, पिवळ्या पाटीचा बूथवाला नव्या रूपात परत येतो आहे. डिसेंबर २०२० मध्ये मंजूर झालेल्या पीएम-वाणी योजनेतही हाच विचार आहे. तीत किराणा दुकानदार किंवा चहावालासुद्धा परवान्याशिवाय आपल्या दुकानातून लोकांना वायफाय विकू शकतो.

जोडणी घेण्यापूर्वी हे विचारा

गावात फायबरची जोडणी देणारा कुणी आला, तर केवळ महिन्याचा दर विचारून थांबू नका. पुढील गोष्टी आधीच स्पष्ट करून घ्या.

बिघाड झाला तर कोण येणार? गावात किंवा जवळपास राहणाऱ्या माणसाचे नाव व क्रमांक मिळतो का? तार बंद राहिलेल्या दिवसांचे भाडे वजा होते का? ही उत्तरे तोंडी नकोत, अर्जावर किंवा पावतीवर असावीत.

वीज गेल्यावर काय? जुन्या तांब्याच्या तारेच्या फोनला एक्स्चेंजमधूनच वीज मिळे, त्यामुळे गावात अंधार असला तरी फोन चालत असे. फायबरवरचा फोन घरातल्या पेटीवर अवलंबून असतो. वीज गेली की तोही मुका. घरात वृद्ध किंवा आजारी माणूस असेल, तर पेटीसाठी छोटी बॅटरी घ्यावी आणि एक साधा मोबाइल चार्ज करून ठेवावा.

वेग किती? सरकारी व्याख्येप्रमाणे २०२३ पासून किमान २ मेगाबिट वेगाच्या जोडणीलाच ब्रॉडबँड म्हणतात. जाहिरातीतला वेग ठराविक वापरानंतर कमी होतो. तो किती होतो हे विचारावे. मुलांचा अभ्यास, बँकेचे काम आणि नातेवाइकांशी बोलणे एवढ्यासाठी सर्वांत महाग योजना घ्यावी लागत नाही.

आजीआजोबांना इंटरनेट हवेच का? साध्या बटणांच्या फोनवर बोलण्यापुरताच रिचार्ज पुरे असतो. केवळ बोलणे आणि संदेश यांसाठी वेगळे रिचार्ज ठेवावेत, असा नियम दूरसंचार नियामक प्राधिकरणाने डिसेंबर २०२४ मध्ये केला आहे. दुकानदाराने आपणहून सांगितले नाही, तर त्याच्याकडे मागावा.

सेवा वाईट असेल तर? क्रमांक तोच ठेवून मोबाइलची कंपनी बदलता येते. ही सोय देशात सर्वांत आधी हरियाणातच, २५ नोव्हेंबर २०१० रोजी सुरू झाली आणि जानेवारी २०११ पासून सर्वत्र लागू झाली. त्यासाठी आपल्या फोनवरून १९०० या क्रमांकावर संदेश पाठवावा लागतो. तक्रार करायची असल्यास प्रथम कंपनीच्या तक्रार केंद्रात नोंदवून तिचा क्रमांक लिहून घ्यावा. समाधान न झाल्यास कंपनीच्याच अपील अधिकाऱ्याकडे जाता येते. त्याला शुल्क नाही.

फसवणूक झाली तर? पैसे गेल्याचे ध्यानात येताच १९३० या क्रमांकावर फोन करावा. लाजेने किंवा घरच्यांच्या भीतीने गप्प बसण्यात वेळ गेला, तर पैसे परत मिळण्याची शक्यता कमी होते. आपल्या नावावर दुसऱ्या कुणी सिमकार्ड घेतले आहे का, हे संचार साथी या सरकारी संकेतस्थळावर पाहता येते.

विचारणारे गाव

कित्तूरचे एक्स्चेंज, वारणेची केंद्रे, बल्लभगढच्या नोंदी आणि पिवळ्या पाटीचे बूथ या साऱ्यांत यंत्रे वेगवेगळी होती. परंतु जिथे सेवा टिकली तिथे गावात एक माणूस होता, ज्याला ती चालू ठेवण्यात स्वतःचे हित दिसत होते आणि ज्याला गावकरी नावाने हाक मारू शकत होते. जिथे असा माणूस नव्हता, तिथे सरकारचा पैसाही वाया गेला आणि गावाची आशाही.

महाराष्ट्रात २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबरला ग्रामसभा भरतात. रस्ता, पाणी, घरकुल यांवर तिथे तावातावाने बोलले जाते. आता आणखी एक विषय घ्यायला हवा. पंचायतीत आलेली तार चालू आहे का, तिच्यावरून किती घरांना जोडणी मिळाली आणि ती सांभाळायला कोण आहे? शाळा, अंगणवाडी आणि आरोग्य उपकेंद्र जोडले गेले का? हे प्रश्न बायकांनी विचारले तर अधिकच बरे. फोन नसण्याची झळ सर्वांत जास्त त्यांनाच बसते. तार कुठवर आली आहे हे सरकारी कागदावर सापडेल, पण ती आपल्या घरात का आली नाही, हे विचारायला गावातलेच कुणीतरी उभे राहावे लागेल.